आठवीचं गणित: एका प्रतिक्रियेला उत्तर

गेल्या आठवड्यात मी गृहकर्जावर लिहिलं होतं, त्याच्याखाली एका वाचकांची लांबलचक कमेंट आलीय. रात्री पावणेएकला टाकलेली. नाव नाही, नुसतं 'एक वाचक'. खाली उत्तर टाईप करायला घेतलं तर ते वाढतच चाललं म्हणून इथं वेगळं लिहितोय.

मूळ पोस्ट वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. ३० लाखाचं कर्ज, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता बसतो २६,०३५. असे २४० हप्ते म्हणजे ६२ लाख ४८ हजार, त्यातले ३२ लाख ४८ हजार नुसतं व्याज. माझं म्हणणं एवढंच होतं की फ्लॅट बघायला गेलेला माणूस हप्ता किती ते विचारतो, हा आकडा कुणी विचारत नाही.

यावर वाचक साहेबांचं (बाई असतील तर माफ करा, नावच नाही तर मी काय करू) म्हणणं असं की लेखकाला काळाप्रमाणे पैशाची किंमत उतरते हेच माहीत नाही, २० वर्षांनंतरचे २६ हजार म्हणजे आजचे २६ हजार नव्हेत, आणि "नुसती हप्त्यांची बेरीज करणं हे आठवीचं गणित आहे, असल्या गणितावर लोकांना घाबरवू नये". शिवाय वाचलेलं भाडं धरलं नाही, टॅक्सची सूट धरली नाही, प्रीपेमेंटपेक्षा (कर्जात जादा पैसे भरून ते लवकर फेडण्यापेक्षा) एसआयपी (दर महिन्याला म्युच्युअल फंडात ठरावीक रक्कम) बरी हे सांगितलं नाही, आणि आकडेसुद्धा तपासलेले नाहीत.

शेवटचं आधी घेतो, कारण ते खरं आहे. पोस्टमध्ये एके ठिकाणी व्याज ३२.८४ लाख पडलं होतं, ते ३२.४८ पाहिजे. आकडे उलटे टाईप झाले. ३६ हजाराचा फरक आहे, दुरुस्त केलाय, खाली तसं लिहिलंयसुद्धा. चूक ती चूक, मी कुणासारखा अडून बसत नाही. पण त्याच पोस्टमध्ये दुसऱ्या दोन जागी बरोबर आकडा होता, तो तुम्हाला दिसला नाही ह्याचं नवल वाटलं.

आता आठवीचं गणित.

साहेब, मी आठवी कोल्हापुरातच झालो आणि गणितात मला ७१ होते. फार नाहीत, पण नापास पण नाही. तुमची कमेंट वाचून मी पोरीचं आठवीचं पुस्तक काढलं, ती आता अकरावीला आहे, पुस्तक माळ्यावर होतं, बायको म्हणाली रात्रीचं काय शोधताय. त्या पुस्तकात 'चक्रवाढ व्याज' नावाचा आख्खा धडा आहे. म्हणजे ज्या गणिताला तुम्ही हिणवताय त्यात तुमचं ते मोठं गणित पण आलं. तेरा वर्षाच्या पोराला जे येतं ते बत्तीस वर्षाचा माणूस बँकेच्या टेबलासमोर बसला की विसरतो, त्याला मी काय करू? सही करायच्या चाळीस जागांवर पेन्सिलीनं फुली मारलेली असते, फुली दिसली की सही. मी पण तशाच केल्या होत्या.

आणि हे 'लोकांना घाबरवू नये' म्हणजे काय? कोण घाबरवतंय? पाचगाव रोडला होर्डिंग लागलंय, फ्लॅटचा फोटो, खाली 'हप्ता फक्त' आणि मग आकडा. त्या 'फक्त'वर तुम्ही कधी रात्री पावणेएकला कमेंट टाकलीत का? तिथं मुद्दल किती, व्याज किती काही लिहिलेलं नसतं, ते चालतं. मी बेरीज करून दाखवली की ती घाबरवणूक झाली.

आता माझं सांगतो, म्हणजे मी हवेत बोलतोय असं वाटायला नको. आमचे आण्णा उद्यमनगरात लेथ मशीनवर होते, नंतर स्वतःचं एक जुनं लेथ घेतलं, पतसंस्थेचं कर्ज काढून, अठरा टक्क्यानं. आण्णा सातवी. म्हणजे तुमच्या हिशोबानं आठवीचं गणितसुद्धा नाही. पण त्यांची एक वही होती, लाल पुठ्ठ्याची, तिच्यात दोनच रकाने: 'भरले' आणि 'उतरले', म्हणजे त्यातनं मुद्दल किती कमी झालं ते. दर महिन्याला हप्ता भरून आले की पतसंस्थेच्या पासबुकातनं बघून दोन्ही रकान्यात लिहायचे. एकदा मी विचारलं की दोन रकाने कशाला, एकातच लिहा की, तर म्हणाले भरलेलं त्यांचं, उतरलेलं आपलं. बस. एवढंच मला कर्जातलं कळतं आणि एवढं मला पुरतं.

पण ती अक्कल मला वेळेवर सुचली नाही हे पण कबूल करतो. २०१२ ला मी पाचगावला फ्लॅट घेतला, १८ लाखाचं कर्ज, साडेदहा टक्के, हप्ता १७,९७१. गोकुळ शिरगावला एमआयडीसीत स्टोअर्सला होतो, पगार बरा होता, हप्ता पाच तारखेला आपोआप कटायचा, मी कशाला बघतोय. सहा वर्षं बघितलं नाही. २०१८ ला आण्णा गेले, त्यांची ती वही सापडली, आणि दुसऱ्या दिवशी मी बँकेत जाऊन कर्जाचं स्टेटमेंट मागितलं. सहा वर्षात भरले जवळजवळ १३ लाख. उतरले २ लाख ६० हजार. बाकी १५ लाख ४० हजार. मी तिथल्या माणसाला म्हटलं काहीतरी चुकलंय, तो म्हणाला नाही सर, सुरुवातीला व्याजच जास्त जातं. बरोबरच होतं त्याचं. ३० लाखाच्या त्या उदाहरणात सुद्धा पहिल्या महिन्याच्या २६,०३५ मधले २१,२५० व्याजाचे असतात आणि पहिल्या पाच वर्षात भरता १५ लाख ६२ हजार, उतरतात ३ लाख ५६ हजार.

त्यात अजून एक गोष्ट निघाली. माझं कर्ज जुन्या बेस रेटवर, म्हणजे दर ठरवायच्या जुन्या पद्धतीवर होतं. रिझर्व्ह बँकेनं एप्रिल २०१६ पासून एमसीएलआर ही नवी पद्धत आणली, नव्या गिऱ्हाइकाला ८.६ टक्क्यानं कर्ज चालू होतं आणि मी जुना म्हणून ९.७ भरत होतो. मला कुणी फोन केला नाही, पत्र नाही. का करतील? अर्ज दिला, बदलायची फी आणि जीएसटी मिळून नऊ हजार भरले, आणि तेवढ्यावर राहिलेले १४६ हप्ते १३३ वर आले. तेरा हप्ते म्हणजे २ लाख ३३ हजार. हे मला कुठल्या सूत्रानं कळलं नाही, वहीच्या दोन रकान्यांनी कळलं. तुमचं गणित वरच्या वर्गातलं असेल, पण त्या दिवशी बँकेत ते माझ्या कामाला आलं नसतं.

बरं, महागाईचं. २० वर्षांनंतरचा रुपया आजच्यापेक्षा हलका हे मला पण कळतं हो, पेट्रोल मी पण भरतो. पण तुमच्या म्हणण्यात एक गोष्ट धरलेलीच असते, ती म्हणजे पगार पण तसाच वाढत जाणार. जो एका जागी कायम आहे, दरवर्षी डीए मिळतो, त्याचा हप्ता खरंच हलका होत जातो, मान्य. फौंड्रीत, मशीनशॉपमध्ये काम करणाऱ्याचा होतोच असं नाही. मार्च २०२० मध्ये काय झालं आठवा. आमच्याकडं दोन महिने गेट बंद, नंतर पगार निम्म्यावर. रिझर्व्ह बँकेनं हप्ते थांबवायची सवलत दिली, आधी तीन महिने, मग वाढवून ऑगस्ट २०२० पर्यंत. आमच्या शेजाऱ्यानं सहाच्या सहा महिने घेतली, नुकतंच कर्ज काढलेलं. सवलत म्हणजे हप्ता नाही, व्याज चालूच. साडेआठ टक्क्याच्या नव्या कर्जावर सहा महिने हप्ता भरला नाही आणि नंतर हप्ता तेवढाच ठेवला, तर पुढं २४० च्या जागी २७० हप्ते भरावे लागतात. न भरलेले सहा, वाढलेले तीस. आता ह्यात रुपयाची किंमत किती उतरली ते तुम्ही त्याला समजावून सांगा, मी घर दाखवतो.

आणि दर काय वीस वर्षं एका जागी बसतो का? २०२१ ला लोकांनी सात टक्क्यानं कर्जं घेतली, ३० लाखाला हप्ता २३,२५९, सगळे खूश. रेपो रेट (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते तो, आपल्या कर्जाचा दर त्याच्याबरोबर हलतो) मे २०२२ ला ४ टक्के होता तो फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा झाला. म्हणजे सातचे साडेनऊ. तोपर्यंत बाकी धरा २९ लाख, साडेनऊनं महिन्याचं व्याजच २२,९५८. हप्ता तोच ठेवला तर उतरले ३०१ रुपये! कर्ज फिटायला ४६ वर्षं लागतील. म्हणून बँकांना हप्ते वाढवावे लागले, ज्यांचे नाही वाढले त्यांची मुदत गपचूप लांबली, आणि शेवटी ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेला सांगावं लागलं की दर वाढला की हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतोय ते गिऱ्हाइकाला कळवा, हप्ता वाढवायचा का मुदत हे त्याला निवडू द्या. २०२५ मध्ये दर खाली आले, फेब्रुवारी ते जून रेपो साडेसहाचा साडेपाच झाला, तेव्हा किती जणांनी स्टेटमेंट काढून मुदत परत कमी झाली का ते बघितलं? आमच्या कंपनीत मी विचारलं, दोघांनी. चाळीसातल्या दोघांनी.

हे सगळं तुमच्या कमेंटमध्ये एका शब्दानं नाही. असो.

भाड्याचं म्हणाल तर पोस्ट भाडं का स्वतःचं ह्यावर नव्हतीच. मी घर घेऊ नका असं कुठं म्हटलंय, दाखवा. मी स्वतः घेतलंय. टॅक्सची सूट मी मुद्दाम धरली नाही, कारण टॅक्सच्या जुन्या पद्धतीत व्याजावर २ लाखापर्यंत मिळते पण नव्या पद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराला ती मिळतच नाही, आणि २०२३-२४ पासून नवीच पद्धत आपोआप लागू होते. आमच्यातले बरेच जण नव्यात गेलेत. हे तुम्हाला माहीत असेलच, मग लिहिलं का नाही कुणास ठाऊक.

एसआयपीवर मला बोलायचं नाही. एवढंच सांगतो की प्रीपेमेंटच्या जागी एसआयपी करतो म्हणणारे मला डझनभर भेटलेत, आणि त्यातल्या बहुतेकांची एसआयपी गणपतीपर्यंत टिकली. वर्षाला एक हप्ता जादा भरला तर ते २० वर्षांचं कर्ज तीन-साडेतीन वर्षं आधी संपतं, आणि बदलत्या दराच्या गृहकर्जावर बँकांना २०१२ पासून त्यासाठी दंड लावता येत नाही. मी बोनस आला की भरतो. तुमच्या एक्सेलमध्ये ह्यापेक्षा चांगलं काही निघत असेल तर निघू दे की, माझी काय हरकत नाही.

मला राग मुद्द्याचा आला नाही, आला तो 'असल्या गणितावर' ह्या शब्दांचा. 'हे धरायचं राहिलंय, बघा' असं लिहिलं असतं तर मी त्याच दिवशी पोस्टमध्ये तुमचं म्हणणं घातलं असतं, आधी दोनदा दुसऱ्यांचं घातलंय. चांगला मुद्दा असा दगड मारल्यासारखा फेकायचा म्हणजे काय. समोरासमोर असतो तर असं बोलला असता का? उद्यमनगरात चहाच्या टपरीवर कुणी आण्णांना असं म्हणालं असतं तर त्यांनी काय केलं असतं ते इथं लिहीत नाही.

तुमची कमेंट मी काढलेली नाही, काढणार पण नाही. पुढच्या वेळी नाव लिहा म्हणजे बोलायला बरं पडेल. अजून लिहायचं होतं, पण उद्या पाच तारीख आहे, खात्यावर हप्त्याएवढे आहेत का बघायला पाहिजे. १९ हप्ते राहिलेत.