मेश बारीक केली म्हणून चीर खरी होत नाही

"आता क्रॅकचं टेस्टिंग कशाला, मेश बारीक करा, एक्सएफईएम लावा, पार्ट कुठून आणि किती सायकलनंतर तुटणार ते सॉफ्टवेअरच सांगतं" असा एक मेसेज आमच्या वाळूजच्या डिझाईनवाल्या ग्रुपांवर दोन आठवड्यांपासून फिरायलाय. मेश म्हणजे कॉम्प्युटरमधल्या पार्टाचे पाडलेले छोटे तुकडे (एलिमेंट), एक्सएफईएम म्हणजे त्या तुकड्यांतून चीर पुढं सरकवून बघायची पद्धत, अन सायकल म्हणजे लोड एकदा येऊन जाणं. पोरं 'लई भारी सर' म्हणायलेत. माझं रोजचं काम हेच, म्हणून लिहायला बसलो.

१) मेश जितकी बारीक तितकं उत्तर खरं, म्हणे. चीर नसलेल्या पार्टात बऱ्याचदा ठीक आहे. पण उसाच्या ट्रॉलीच्या दांडीत, जी ट्रॅक्टरला जोडतात तिच्यात, मी एक चीर घालून बघितली, टोकाला एलिमेंट २ मिमीचा तर स्ट्रेस, म्हणजे आतला ताण, ४१० एमपीए (मेगापास्कल), १ मिमीला ५८०, अर्ध्या मिमीला ८२०, दरवेळी साधारण १.४ पट, थांबायचं नावच नाही. थांबणारच नाही ना बाबा, लिनियर इलॅस्टिक, म्हणजे लोखंड स्प्रिंगसारखंच ताणतं असं धरलेल्या, हिशोबात टोकावरचा स्ट्रेस अनंत असतो! म्हणूनच आयर्विनने १९५७ मध्ये स्ट्रेस इंटेन्सिटी फॅक्टर (टोकाभोवतीचा ताण किती तीव्र ते सांगणारा आकडा) आणला आणि राईसने १९६८ मध्ये जे-इंटिग्रल (चीर वाढायला मिळणाऱ्या ऊर्जेचं माप), जे टोकावर न बसता भोवतीनं फेरी मारून काढता येतं. बरं, तो आकडा निघाला तरी ताडून बघायचा कशाशी? मटेरियलच्या टफनेसशी, म्हणजे चिरेला रोखायच्या ताकदीशी, आणि तो मिळतो टेस्टमधूनच.

२) एक्सएफईएमला रस्ता सांगावा लागत नाही. अर्धं खरं. १९९९ ची ही पद्धत मला स्वतःला आवडते, चीर एलिमेंटच्या पोटातून जाते, दरवेळी मेश नव्यानं करायची कटकट नाही. पण दिशा ठरते तुम्ही निवडलेल्या निकषावर, आणि अबॅकस सॉफ्टवेअरमध्ये तर वाढती चीर एका वेळी अख्खा एलिमेंट ओलांडते, टोकाची सिंग्युलॅरिटी (वरचा तो अनंत स्ट्रेस) तिथं धरतच नाहीत, फांदीही फुटत नाही. पडद्यावर रेष छान वळली म्हणजे लोखंडातही तशीच वळेल असं नाही.

३) किती सायकलनंतर तुटणार ते अचूक. इथं तर हद्दच झाली. पॅरिस नावाच्या इंजिनिअरच्या सूत्रात, ज्यातून लोडवरून चिरेचा वेग काढतात, स्टीलचा घातांक ३ च्या आसपास असतो, म्हणजे लोड २० टक्के वाढला की चीर १.७ पट वेगानं वाढते, आणि सीझनला ट्रॉली किती भरतात ते आपल्याकडं कुणाला सांगायला नको. सुरुवातीची चीर १ मिमीऐवजी अर्धा मिमी धरली तर त्याच मॉडेलात आयुष्य साधारण दीडपट निघतं. मग ह्यातलं अचूक कोणतं?

दोन डिझाईनपैकी बरं कोणतं हे बघायला सिम्युलेशन झकास, त्याबद्दल वाद नाही.

परवा तशीच एक दांडी गावातल्या वेल्डिंगच्या दुकानात आली होती. मिस्त्रीनं रॉकेल लावलं, पुसलं, वर खडू घासला, थोड्या वेळानं खडूतून ओली रेष उमटली, बरोब्बर वेल्डच्या कडेच्या अंडरकटमधून (वेल्ड करताना पडलेल्या खाचेतून) निघालेली. त्यानं टोकाला ६ मिमीचं भोक पाडलं, म्हणाला, "आधी हिला इथं थांबवू, मग वेल्ड." माझ्या मॉडेलात वेल्ड सफाईदार होता, अंडरकट नाही, थंड होतानाचा ताण नाही, अन ती जागा पडद्यावर हिरवीगार, म्हणजे धोका नाही. आता अंडरकट घालून परत चालवायलोय, खोली त्याच्याच दुकानात मोजून आणली.