‘खोरं लागलं’ म्हणणाऱ्यांसाठी: एका हितचिंतकास उत्तर

नमस्कार, ‘एक हितचिंतक’.

गेल्या महिन्यातल्या माझ्या लेखावर रात्री पावणेदोन वाजता तुम्ही टाकलेली प्रतिक्रिया वाचली. दोनदा वाचली. बाकीच्या वाचकांना शोधाशोध नको म्हणून थोडक्यात सांगतो. मी लिहिलं होतं की २००३ च्या मे महिन्यात विहिरीच्या पाण्याच्या पाळीवरून आमच्या भावकीतल्या एकाने माझ्या थोरल्या भावाला जिवे मारलं. तो जन्मठेप भोगून २०१९ ला सुटला. यंदा अक्षय्य तृतीयेला नारळ, शाल आणि गावातली दहा माणसं घेऊन तो आमच्या दारात आला, तेव्हा मी त्याला उंबऱ्याच्या आत घेतलं नाही. त्यावर तुमचं म्हणणं: ‘सोळा वर्षं त्याने आत काढली. कायद्याने न्याय केला. तुम्हाला न्याय नको, सूड हवाय, आणि त्या सुडाला तुम्ही साहित्याचा सदरा घातलाय.’ पुढे मंडेला, पुढे बापू बिरू, पुढे माझ्या घराचा उद्धार आणि शेवटी ‘देव तुम्हाला सद्बुद्धी देवो’.

तुमचं जे बरोबर आहे ते आधी. लेखात ओघात प्रतिसरकारचा, म्हणजे बेचाळीसनंतर नाना पाटलांनी इंग्रजांविरुद्ध उभारलेल्या समांतर सरकारचा विषय आला, तिथे ‘सांगली जिल्ह्यात फितुरांच्या पायांना पत्र्या ठोकल्या’ असं मी लिहून गेलो. तळपायांवर काठीचे फटके, हीच ती शिक्षा होती. नालासारखे पत्रे ठोकल्याची गोष्ट लोकांनी सांगता सांगता वाढवली. आणि १९४३ ला सांगली जिल्हा मुळात नव्हताच, हा मुलूख साताऱ्यात होता, मध्ये मध्ये संस्थानं. प्रतिसरकारचं कुंडल तर औंध संस्थानात. दोन्ही चुका मान्य, दुरुस्त केल्या आहेत, आभार. ‘एवढंही ठाऊक नाही आणि लेखक म्हणवता’ हे वाक्य नसतं तरी मी दुरुस्त केल्याच असत्या.

आता सदऱ्याबद्दल. आमच्याकडे ‘हितचिंतक’ फ्लेक्सवर खालच्या रांगेत असतात, पण निदान त्यांचा फोटो असतो. तुम्ही नाव लिहीत नाही, गाव लिहीत नाही, आणि ज्या माणसाने बावीस वर्षं या विषयावर चकार शब्द लिहिला नाही त्याला पहिल्याच लेखावर सांगता की हा सगळा नटवेपणा आहे. मुद्दा खोडा, हरकत नाही. पण दुसऱ्याच्या घरातल्या मरणाशी बोलताना आवाज जरा खाली ठेवावा, हे शिकायला शाळा लागत नाही.

असो. तुमचं एकच वाक्य मला खरं महत्त्वाचं वाटलं: ‘कायद्याने न्याय केला.’

कुणाला केला? त्या खटल्याचं नाव ‘महाराष्ट्र शासन विरुद्ध’ असं सुरू व्हायचं. आमचं नाव त्यात कुठे नव्हतं. मी साक्षीदार क्रमांक तीन. आई पाच. सरकारी वकिलांनी विचारलं तेवढं बोलायचं आणि पिंजऱ्यातून उतरायचं. पंचांपैकी एक उलटला, तो आमच्याच गल्लीतला. २००५ ला जन्मठेप लागली, मग अपील मुंबईला. आता १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच बसलंय, सांगली-साताऱ्याच्या माणसाला सकाळी जाऊन रात्री घरी येता येतं. तेव्हा ते नव्हतं. अपील चालू असताना गावातले चार जण ‘मिटवून टाका’ म्हणून आले. तंटामुक्तीची हवा होती. ती योजना तेव्हाचे गृहमंत्री आर. आर. आबा पाटलांनी १५ ऑगस्ट २००७ ला सुरू केली, आबा तर आमच्या शेजारच्या तासगाव तालुक्यातले, अंजनीचे. तिने बांधाचे, वाटणीचे कितीतरी वाद गावातल्या गावात मिटवले, हे मी नाकारत नाही. पण खून तडजोडीने मिटत नाही. तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३२० मध्ये कोणते गुन्हे फिर्यादीला मिटवता येतात त्याची यादी होती, त्यात खून नव्हता. कारण कायद्याच्या लेखी तो गुन्हा माझ्याविरुद्ध नाही, शासनाविरुद्ध आहे. त्या चौघांना मी हेच सांगितलं. ते दोन एकर आणि विहिरीतला वाटा देऊ म्हणत होते. त्याच विहिरीतला.

म्हणजे बघा, शासनाचं आणि त्याचं जे देणंघेणं होतं ते फिटलं. सोळा वर्षं. (त्यातल्या संचित रजा आणि पॅरोल मी वजा करत नाही, जरी मी मोजल्या आहेत. आणि चौदा वर्षं ही सुटकेचा विचार करण्याआधीची किमान मुदत असते, जन्मठेपेची लांबी नव्हे, हेही जाता जाता.) शासन मोकळं, तो मोकळा. माझी तक्रार नाही. त्याने गावात राहावं, द्राक्षं लावावीत, ग्रामपंचायतीला उभं राहावं. मी अडवलं का? मी फक्त माझा उंबरा अडवला. तुम्ही दोन्ही खाती एकाच वहीत लिहिताय.

आता जे लेखात मी लिहिलं नव्हतं ते लिहितो, कारण तुम्ही भाग पाडलंय.

त्या साली आमच्या कवठेमहांकाळच्या पूर्व भागात टँकर चालू होते. विहिरीला तासाभराचं पाणी. आमचा सहा आणे वाटा, त्यांचा दहा आणे. रात्री साडेदहाला लाईट आली आणि दादा दारं धरायला, म्हणजे पिकाला पाणी द्यायला गेला, पाळी आमची होती. कोर्टात त्याचं म्हणणं असं होतं: झटापट झाली, हा पडला आणि खोरं लागलं. खोरं लागलं. डॉक्टरांनी तीन घाव मोजले होते. खोरं एकदा लागेल हो, तीनदा लागत नाही.

सोळा वर्षं आत आणि पुढची काही बाहेर काढून तो दारात उभा राहिला तेव्हा काय बोलला? ‘त्या रात्री जे झालं ते झालं. चूक झाली. मोठ्या मनाने पोटात घाला.’ झालं, झाली, घाला. पहिल्या दोन्हींत तो कुठेच नाही, तिसऱ्यात सगळं काम आमच्याकडे. आई आतून म्हणाली, ‘काय झालं ते तू सांग की.’ शांतपणे म्हणाली, विचारायचं म्हणून विचारलं. त्याने शेजारी उभ्या असलेल्या पुढाऱ्याकडे बघितलं. पुढारी म्हणाला, ‘काकी, कशाला जुनं उकरता, आज सणाचा दिवस.’ तेव्हा मी दार लावलं. आईला ‘मी मारलं’ एवढे दोन शब्द ऐकायचे होते. पाऊस होतो, ताप होतो, उशीर होतो. खून होत नाही, कुणीतरी करतं. ‘झालं’ला मी कशी माफी देऊ?

तुम्ही म्हणाल, हा शब्दांचा कीस. मग तुम्हीच मंडेला काढलेत, तर तिकडेच चला. दक्षिण आफ्रिकेत वर्णभेदाच्या काळातल्या गुन्ह्यांसाठी सत्य आणि सलोखा आयोग नेमला, डेस्मंड टुटू अध्यक्ष, १९९६ ला सुनावण्या सुरू झाल्या. तुम्ही ‘त्यांनी सगळ्यांना माफ केलं’ असं लिहिलंय. सगळ्यांना नाही. गुन्हा राजकीय असला पाहिजे आणि अर्जदाराने सगळं खरं सांगितलं पाहिजे, अशा अटी होत्या. सात हजारांवर अर्ज आले, ८४९ मंजूर झाले. पश्चात्ताप दाखवायची सक्ती नव्हती, सांगायची होती. वर्णभेदाविरुद्ध लढणारा स्टीव्ह बिको १९७७ ला पोलिसांच्या ताब्यात मेला. त्याच्या घरच्यांना अशी माफीच नको होती, ते घटना न्यायालयात गेले आणि हरले. पण पोर्ट एलिझाबेथच्या त्या पोलिसांनी आयोगापुढे सांगितलं काय, तर झटापट झाली आणि डोकं भिंतीवर आपटलं. १९९९ ला त्यांची माफी नाकारली गेली. डोकं आपटलं, खोरं लागलं! पोर्ट एलिझाबेथ ते कवठेमहांकाळ, मारणाऱ्यांचं व्याकरण एकच दिसतंय. मंडेलांचं नाव घेताना निदान एवढं वाचून घ्यायचं होतं.

बापू बिरूंचं तसंच. ‘बोरगावच्या बापूंना लोकांनी डोक्यावर घेतलं, तुम्ही एका गरिबाला दारात घेत नाही.’ बापू बिरू वाटेगावकरांनी केलेल्या खुनांचं मी समर्थन करणार नाही, आमच्याकडे त्यांच्या गोष्टी ऐकत मोठी झालेली पोरं पुढे काय काय करून बसली ते मी पाहिलंय. पण जन्मठेप भोगून आल्यावर तो म्हातारा व्यसनं सोडा म्हणून लोकांना सांगत फिरला, आणि आपण मारलं हे कुणीही विचारलं तर उघड सांगायचा. २०१८ ला गेला तोवर सांगत होता. तुमचं उदाहरण माझ्या बाजूने साक्ष देतंय, तेवढं बघा.

आणि सूड. सूड म्हणजे काय हे तुम्ही मला शिकवू नका. २००९ ला तो रजेवर आला होता. मिरजेच्या स्टँडवर, संध्याकाळी, उसाच्या रसाच्या गाड्याशी तो माझ्याकडे पाठ करून उभा होता. एकटा. माझ्या पिशवीत द्राक्षाच्या छाटणीची नवी कात्री होती, त्याच दिवशी घेतलेली. मी त्याच्या मागे दोन हातांवर उभा होतो, रस पिऊन होईपर्यंत. त्याने मागे बघितलं नाही. त्याच्या मानेवर दोन वळ्या होत्या, खालच्या वळीजवळ एक तीळ. मग गाडी लागली आणि मी बसलो. कात्री अजून आहे, दर ऑक्टोबरला तिनेच छाटणी करतो. सूड हवा असलेल्या माणसाला यापेक्षा चांगली संधी कुठली मिळणार होती, सांगा. मी ती सोडली, याची कुठे नोंद नाही, कुणी शाल दिली नाही. तुम्ही अंधारात बसून दोन ओळी टाइप करता आणि माझ्या मनात काय आहे ते मलाच सांगता.

ज्या पाण्यासाठी हे केलं ते पाणी आता म्हैसाळ योजनेच्या कालव्यातून दोघांच्याही वावराला येतं. विहीर बुजवायला आलीय. हे मी कुठलाही अर्थ काढायला लिहीत नाही, दररोज दिसतं म्हणून लिहिलं.

तुमच्या बाकीच्या मुद्द्यांना वेळ देण्यात अर्थ नाही. ‘तुमच्या भावानेही आधी शिवी दिली होती’: दिली असेल, शेतकरी माणूस, रात्रीची वेळ. शिवीचं उत्तर शिवी असतं. ‘त्याची म्हातारी आई तुमचं दार बंद बघून रडली’: माझीही आई म्हातारी आहे. ‘लेख लिहून त्याची बदनामी केली’: मी ना त्याचं नाव लिहिलं, ना गावाचं.

राहिला तो एक मुद्दा, त्याच्या मुलीचा. ‘त्या पोरीच्या लग्नाला तुम्ही भावकीतलं कुणी फिरकू दिलं नाही, तिचा काय गुन्हा?’

हितचिंतक साहेब, हे मी लेखात लिहिलेलं नाही. कुठेच लिहिलेलं नाही. म्हणजे तुम्ही गावचे आहात, बहुतेक आमच्या आळीतले. तरी मला आडनावाने ‘अमुक सर’ म्हणताय. एवढं नाटक कशाला करावं?

मी कुणाला जाऊ नका म्हणालो नाही. मी जाणार नाही, एवढं म्हणालो, मग बाकीचे गेले नाहीत. यात फरक आहे. नसेल तर नसो. ती नात्याने माझी पुतणी लागते, तो आत गेला तेव्हा ती पाळण्यात होती. आईने तिच्यासाठी साडी आणली होती, विट्याहून, मला न सांगता. लग्नाच्या दिवशी सकाळी आवरून बसली आणि माझ्या तोंडाकडे बघून पुन्हा आत गेली. साडी ट्रंकेत आहे. याच्यावर मी इथे जास्त बोलणार नाही, ही जागा त्याची नाही, आणि बिननावाच्या माणसाशी तर मुळीच नाही.

तुमची प्रतिक्रिया मी उडवलेली नाही, वर जशीच्या तशी आहे. पुढची टाकायची तर नाव लिहून टाका. नाहीतर घरी या, घर तुम्हाला ठाऊक आहे. सकाळी दहाच्या आत या, नंतर मी रानात असतो.