ब्रिजित बार्दो त्या मालिकेत नव्हती

‘डॉक्टर ॲट सी’ या ब्रिटिश विनोदी मालिकेत फ्रेंच अभिनेत्री ब्रिजित बार्दो होती, असा मजकूर फोटोसकट फिरतोय. बार्दो होती ती १९५५ च्या त्याच नावाच्या चित्रपटात. तिथे नायक डर्क बोगार्ड आणि जहाज मालवाहू. मालिका आली १९७४ मध्ये, लंडन वीकेंड टेलिव्हिजनची. तिच्यात रॉबिन नेडवेल आणि जेफ्री डेव्हिस यांनी साकारलेले डॉक्टर क्रूझ जहाजावर नोकरीला लागतात. खरी गंमत पुढेच आहे: हॉस्पिटलातले कडक वरिष्ठ प्रोफेसर लॉफ्टस यांच्या तावडीतून सुटलो म्हणून त्यांना हायसं वाटावं, तर जहाजाचा कॅप्टन निघतो लॉफ्टसचाच भाऊ! दोन्ही भूमिका अर्नेस्ट क्लार्कच्या, म्हणजे चेहरा तोच, दरारा तोच. घोटाळा व्हायला निमित्त मात्र आहे. चित्रपट आणि मालिका, दोन्हींचं मूळ ब्रिटिश लेखक रिचर्ड गॉर्डन यांच्या पुस्तकांतच.