‘नकली पुस्तक विकलं’ या अभिप्रायाला दुकानाकडून उत्तर

नमस्कार ताई,

आमच्याकडून नेलेल्या, आयरिश नाटककार ऑस्कर वाइल्डच्या समग्र साहित्याच्या जुन्या खंडाला तुम्ही दिलेला एक स्टार आणि त्याखालचा मजकूर वाचला. दुकानातल्या मुलाने फोनवर ‘आधी वाचा, मग बोला’ असं तुम्हाला म्हणायला नको होतं. त्याबद्दल माफी मागतो. त्याला समज दिली आहे.

पण ‘नकली प्रत गळ्यात मारली’ हे मात्र मला मुकाट्याने गिळता येत नाही. पुण्यात अप्पा बळवंत चौकाच्या आसपास जुन्या पुस्तकांच्या धंद्यात आमची ही दुसरी पिढी. पायरेटेड माल आम्ही ठेवत नाही, त्यापायी गिऱ्हाईक हातचं जातं तेही सोसतो. तुमचा अभिप्राय वाचून दोन नेहमीच्या लोकांनी येऊन ‘काय हो, खरं का?’ विचारलं, म्हणून हे सविस्तर लिहितोय.

तुमचं म्हणणं असं, की या खंडात वाइल्डचं ‘द इम्पॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट’ हे नाटक चार अंकी आहे आणि मुलीच्या कॉलेजात तीन अंकी शिकवतात, म्हणजे कुणीतरी पदरचा मजकूर घुसडलाय. ताई, तो मजकूर वाइल्डचाच आहे. त्याने नाटक चार अंकीच लिहिलं होतं. लंडनच्या सेंट जेम्स थिएटरचा चालक जॉर्ज अलेक्झांडर (नाटकातल्या जॅकचं मुख्य कामही त्यानेच केलं) याला ते लांबतंय असं वाटलं. त्याच्या आग्रहामुळे वाइल्डने कात्री लावली आणि 14 फेब्रुवारी 1895 ला जो पहिला प्रयोग झाला तो तीन अंकी. 1899 साली छापील पुस्तक निघालं तेही तीन अंकी. त्यामुळे कॉलेजातल्या सरांचंही चूक नाही. कॉलिन्स या प्रकाशकाने 1966 च्या आवृत्तीत मुद्दाम मूळचा चार अंकी पाठ घेतला, आणि तीच आवृत्ती तुमच्या घरी आहे. जाणकार लोक ती मागत येतात.

ज्या वकिलाचं पात्र ‘कुठल्याच गाइडमध्ये नाही’ असं तुम्ही लिहिलंय, तो ग्रिब्स्बी. ‘अर्नेस्ट’च्या नावावर हॉटेलात खाण्यापिण्याचं बिल थकलं म्हणून, अर्नेस्ट असल्याचं सोंग घेतलेल्या अल्जरननला लंडनच्या हॉलोवे तुरुंगात न्यायला तो येतो. हा प्रसंग कात्रीत गेला. आणि नाटकाचे प्रयोग चालू असतानाच, एप्रिल 1895 मध्ये, खुद्द वाइल्डला समलिंगी संबंधांच्या आरोपावरून अटक होऊन खटल्याआधी त्याच हॉलोवेत ठेवलं गेलं. एवढा प्रसंग ज्या प्रतीत आहे ती नकली?

‘लेखकाशी काही संबंध नसलेल्या कुणा हॉलंडची प्रस्तावना’ असंही लिहिलंत. व्हिव्हियन हॉलंड हा वाइल्डचा धाकटा मुलगा. खटल्यानंतर झालेल्या बदनामीमुळे आईने मुलांचं आडनाव बदललं. थोडी चौकशी केली असती तरी हे वाक्य लिहिलं गेलं नसतं. असो.

किंमत. साडेसहाशे जास्त वाटले, फुटपाथवर दोनशेला ‘सेम’ मिळतं म्हणालात. सेम नसतं. वाइल्डने तुरुंगातून त्याचा जिवलग मित्र लॉर्ड अल्फ्रेड डग्लसला लिहिलेलं, याच खंडातलं लांबलचक पत्र, ‘डी प्रोफंडिस’, 1905 साली वाइल्डचा मित्र रॉबर्ट रॉसने छापलं तेव्हा निम्म्याहून अधिक गाळलं होतं. नीट पूर्ण पाठ यायला 1962 उजाडलं. स्वस्त प्रतींत बरेचदा तो जुना, कापलेला पाठच असतो, कारण तो फुकट छापता येतो. तुमच्याकडे बाराशेच्या वर पानांचं, शिवण शाबूत असलेलं पुस्तक आहे. त्यात मला काय सुटलं ते माझं मला माहीत.

आता थोडं बोलतोच. पुस्तक तुम्ही दिवाळीआधी नेलंत आणि तक्रार परीक्षा आटोपल्यावर आली. पुरावा म्हणून व्हॉट्सअॅपवर चौथ्या अंकाच्या सुरुवातीचा फोटो पाठवलात, त्यात डावीकडच्या पानावर पिवळा हायलायटर आणि समासात पेनाने ‘हे येणार!!’ स्पष्ट दिसतंय. मुलीने अभ्यास केला, आनंदच आहे. पण असं पुस्तक पूर्ण पैशात परत घ्या म्हणणं कितपत बरोबर, ते तुम्हीच सांगा.

तरीही घेऊन या. सोमवार सोडून कधीही. नाटकाची तीन अंकी सुटी प्रत देईन आणि वरच्या रकमेचं काय ते समोर बसून ठरवू. यापुढे जुन्या पुस्तकांच्या पावतीवर आवृत्तीचं साल लिहायचं ठरवलंय, जमेल तसं सुरू करू. स्टार एकच ठेवायचा तर ठेवा, फक्त तो ‘नकली’ शब्द तेवढा काढा ही विनंती.