वजन किती गेलं यापेक्षा खड्डा किती खोल गेला

नमस्कार,

एवढी सविस्तर प्रतिक्रिया लिहिलीत, आभार. समुद्रकाठच्या स्टेनलेस स्टीलच्या रेलिंगवर मी लिहिलं, त्यावर तुमचे आक्षेप दोन. एक टक्काही धातू झिजला नसताना टाचणीच्या टोकाएवढ्या खड्ड्यांचा बाऊ कशाला? आणि खड्डे पडले म्हणजे माल बोगस, चुंबक लावून पारखून घ्यायला हवा होता, चिकटला तर खोटा.

पहिला आक्षेप मला अजिबात मान्य नाही. उघड्यावरचं साधं लोखंड बहुतेक सगळीकडून गंजतं, त्यामुळे ते किती टिकेल याचा अंदाज बांधता येतो. स्टेनलेसला वाचवतो तो क्रोमियम ऑक्साइडचा थर, जाडी जेमतेम काही नॅनोमीटर. खाऱ्या हवेतला क्लोराइड तो एखाद्याच जागी फोडतो. तिथे विरघळलेल्या धातूचे आयन, म्हणजे विद्युतभार असलेले कण, आणखी क्लोराइड आत ओढतात, पाण्याशी अभिक्रिया होऊन आम्ल तयार होतं आणि त्या आम्लात थर पुन्हा धरत नाही. खड्डा अ‍ॅनोड, भोवतीचा चकचकीत पृष्ठभाग कॅथोड: धातू विरघळतो तो खड्ड्यात, ती क्रिया चालू ठेवतो भोवतीचा पृष्ठभाग. म्हणजे बाकीचं रेलिंग जितकं शाबूत, तितका सगळा मारा त्या एका टिंबावर. तुम्हाला ज्याचा दिलासा वाटतो, त्याच्याच जोरावर खड्डा खोल जातो.

रेलिंग त्याने लगेच पडणार नाही, हे खरं. पण टाकीला किंवा पाइपला आरपार गेलेलं एक भोक पुरतं. आणि धातूवर सतत ताण असेल तर खड्ड्याच्या बुडाशी तडा सुरू होऊ शकतो. स्वित्झर्लंडमधल्या उस्टर इथे 1985 मध्ये जलतरण तलावाचं काँक्रीटचं छत कोसळून 12 माणसं गेली. ते छत ज्यांना टांगलं होतं ते गज स्टेनलेसचेच होते. क्लोराइड आणि ताण यांनी मिळून त्यांना तडे पाडले. वजन करून पाहिलं असतं तर त्या गजांत काहीच कमी दिसलं नसतं.

आता चुंबक. 304, 316, 202 हे स्टेनलेसचे प्रकार. 304 चुंबकाला धरत नाही, 316 धरत नाही आणि स्वस्तातलं 202 सुद्धा धरत नाही. वाकवलेल्या जागी अस्सल 304 थोडं धरतं, तेव्हा खरा मालच खोटा असल्याचा उलटा गैरसमज होतो. 316 मध्ये 2 ते 3 टक्के मॉलिब्डेनम हा धातू असतो, खड्ड्यांविरुद्ध खरा फरक त्याने पडतो. समुद्राकाठी अस्सल 304 लाही खड्डे पडतात, तेव्हा फॅब्रिकेटरला एवढ्यात फसवा ठरवू नका. माल कोणत्या प्रकारचा आहे ते कळायला त्याच्याकडे मालाचं टेस्ट सर्टिफिकेट मागा.

पावसाने धुतल्या न जाणाऱ्या जागा, म्हणजे रेलिंगची खालची बाजू आणि छज्ज्याखालचे भाग, गोड्या पाण्याने पुसत चला. आणि फरशी धुवायचं अ‍ॅसिड जवळपास वापरत असाल तर ते आधी थांबवा. ते बहुधा हायड्रोक्लोरिक आम्ल असतं, खड्डे पडायला त्याची वाफही पुरते.