पोलीस संरक्षण पाहिजे? आधी झेरॉक्स काढा!

तुम्हाला कुणी धमक्या देतंय का? फोनवर "बघून घेतो" म्हणतंय, ऑफिसच्या गेटवर उभं राहतंय, रात्री दारावर लाथा घालतंय? अजिबात घाबरायचं नाही. कोर्टातनं संरक्षणाची ऑर्डर घ्यायची आणि निवांत झोपायचं. आमच्या धाकटीनं घेतलीय, नवऱ्याविरुद्ध, त्यामुळं आता मी या विषयातली एक्स्पर्ट. फुकट सल्ला देतेय, घ्या.

पहिलं म्हणजे घाई नको. घरगुती हिंसाचाराचा कायदा 2005 चा, त्यात लिहिलंय की अर्ज केल्यावर पहिली तारीख साधारण 3 दिवसांत आणि निकाल शक्यतो 60 दिवसांत. हे वाचून आमच्या सांगलीतल्या विजयनगरच्या कोर्टात जाणार असाल तर डबा घ्या, उन्हाळ्यात अर्ज केला असला तरी स्वेटर पण ठेवा. समन्सवर शेरा येतो, "पत्त्यावर मिळून आला नाही". तोच माणूस संध्याकाळी तुमच्या दारात बरोबर मिळून येतो!

नातेवाईकांना सांगू नका. बैठक बसते.

112 ला फोन जरूर लावा. गाडी येते, खोटं कशाला बोलू. तोवर तो गेलेला असतो, मग "कडी नीट लावून घ्या ताई" एवढं सांगून गाडी पण जाते. कडी लावायची असते हे आम्हाला माहीतच नव्हतं बघा.

आता समजा ऑर्डर हातात आली, तिच्या घराकडं, ऑफिसकडं फिरकायचं नाही असं त्याला बजावलंय, पोलिसांनी मदत करावी असंही लिहिलंय, आणि तरी तो आला. आमच्याकडं परवाच आला, गणपतीत. तर ठाण्यात जायचं. तिथं पहिला प्रश्न, ऑर्डर आमच्याकडं आलीच नाही की. (कलम 24 प्रमाणं कोर्टानं ठाण्याला फुकट कॉपी पाठवायची असते, ती वाटेत कुठं जिरली देव जाणे.) म्हणून आपली दिली तर म्हणे ही झेरॉक्स आहे, सर्टिफाईड आणा, सर्टिफाईड नेली तर म्हणे हिची एक झेरॉक्स काढून आणा, ती आणेपर्यंत साहेब बंदोबस्ताला गेले, कारण मिरजेचं विसर्जन, आणि मिरजेची मिरवणूक कधी संपते ते तुम्हाला मी काय सांगायचं. मग अंमलदार म्हणतो एनसी घेतो, म्हणजे नुसती अदखलपात्र नोंद. अहो एनसी कसली? ऑर्डर मोडली की कलम 31, एक वर्षापर्यंत कैद नाहीतर 20 हजारापर्यंत दंड, किंवा दोन्ही, आणि गुन्हा दखलपात्र, अजामीनपात्र, कायद्यातच लिहिलंय! तर म्हणे साक्षीदार कोण हाय? कलम 32 म्हणतं त्या बाईच्या एकटीच्या साक्षीवरसुद्धा कोर्ट गुन्हा झाला असं धरू शकतं. कोर्टाला तिचा शब्द चालतो आणि ह्यांना शेजारी पाहिजे. शेवटी काय तर, "नवरा-बायकोचं हाय, मिटवून घ्या की."

पाठीमागं भिंतीवर महिला सुरक्षेचा केवढा तरी फ्लेक्स!

हां, तर सल्ला. पुढचा सल्ला असा की... जाऊ दे, नाही सुचत.

मिटवायचं असतं तर ती कोर्टात कशाला गेली असती? न्यायाधीशांनी दोन्ही बाजू ऐकून सही केलीय, त्यावर तुमचं मत कुणी मागितलंय? तुम्हाला काम एकच दिलंय, तो आला की गुन्हा घ्या आणि उचला त्याला. तेवढं न करता पोरीलाच विचारता, तू उशिरा कशी घरी येतेस, नंबर का बदलत नाहीस, थोडे दिवस माहेरी तासगावला का जात नाहीस. तिनं का जायचं? मनाई त्याला आहे, तिला नाही!

आणि बिल्डिंगमधल्या लोकांनो, दाराला कान लावून सगळं ऐकता, दुसऱ्या दिवशी जिन्यात हळू आवाजात "फार झालं हो काल" म्हणता, आणि जबाबात नाव घालायचं म्हटलं की सगळे नेमके गावाला गेलेले असता. जरा तरी लाज वाटू द्या.