लेखनिक म्हणजे फुकटचा कारकून काय?

दर रविवारी बेळगावच्या टिळकवाडीत आमचा एकेक पात्र घेऊन खेळायचा जादुई दुनियेचा खेळ रंगतो आणि दर रविवारी माझं डोकं उठतं. बाकीच्यांना अग्निमांत्रिक व्हायचंय, तलवारबाज व्हायचंय. मी घेतो अक्षरसाधक, म्हणजे लिहील ते खरं होतं असा मंत्रलेखनिक. नियम सगळ्यांनी मिळून ठरवलेले, सरळ मोडी लिपीवरून उचललेले. आधी पानभर रेघ ओढायची, मग तिच्याखाली अक्षरं, तीही होता होईल तो हात न उचलता. आमच्या खेळात हात उचलला की मंत्र उलटतो. शाई काजळ नि डिंकाची, ती घोटण्यातच जीव जातो. बोरू तासा, टोक तिरकं छाटा, झिजलं की परत तासा.

हे सगळं माहीत असून खानापूरचा आमचा तलवारबाज काय म्हणतो? "दोन ओळी खरडून दे की रे, काय लागतंय त्याला?"

खरडून? समोर राक्षस उभा, किल्ल्याचं दार पडायला आलेलं, आणि हा माझ्या कोपराला धक्का देत कुंद्याच्या मिठाईचा डबा पुढं करतो! (कुंदा चांगला होता, ते सोडा.) रेघ वाकडी झाली, दार आमच्याच अंगावर आलं, तर खापर लेखनिकावर. जिंकलो तर पोवाडा तलवारीचा. लुटीत वाटा मागितला की, "तू तर बसूनच होतास की!"

मग काय, उभ्यानं घोटू शाई?

पुढच्या खेपेला वाटणीचा कागद मीच लिहिणार आहे. बघाच.